गर्भावरचें अस्त्र

महाभारताचें युद्ध अठराव्या दिवशीं संपलें असें आपण म्हणतों. पण व्यासांनीं तें तेथें संपविलेलें नाहीं. सौप्तिक पर्वांत अश्वत्थाम्याला स्वतः सोडलेलें अस्त्र आवरतां येत नाहीं, तेव्हां तो तें पांडवांच्या स्त्रियांच्या गर्भांवर वळवितो, आणि उत्तरेच्या उदरांतला परीक्षित जन्मापूर्वींच अस्त्राच्या आगींत सांपडतो. द्रोणाचा वध, कर्णाच्या रथाचें रुतलेलें चाक, दुर्योधनाची मांडी, अशा कितीतरी अधर्मांना त्या ग्रंथांत कोणी ना कोणी समर्थक भेटतो. या एका कृत्याला मात्र समर्थक नाहीं, आणि त्याबद्दल श्रीकृष्णानें दिलेला शाप तीन हजार वर्षांचा आहे. आमच्या पिंगुळीचे ठाकर चित्रकथी रामायण-महाभारतांतील आख्यानें चित्रांच्या पोथ्या उलगडून देवळादेवळांतून पिढ्यान् पिढ्या सांगत आले. तीं आख्यानें ऐकून वाढलेल्या अक्षरशत्रु माणसालाही हा भेद समजत होता, कीं लढणाऱ्यावर शस्त्र धरणें वेगळें आणि अद्याप न जन्मलेल्यावर धरणें वेगळें.

विसाव्या शतकानें असें अस्त्र प्रयोगशाळेंत तयार केलें. तें शत्रूनें शत्रूवर सोडलें असतें तर तो युद्धाचा एक नेहमींचा अध्याय झाला असता. आम्हांस ज्याविषयीं बोलावयाचें आहे त्या प्रसंगीं तें, ज्यांचें मीठ शिपाई खात होते त्यांनींच, आपल्याच शिपायांच्या उघड्या अंगावर सोडलें. आणि त्या शिपायांच्या मुलानातवंडांस त्याची वार्ताही लागूं दिली नाहीं.

१ सप्टेंबर २००७ रोजीं लंडनच्या ‘गार्डियन’ पत्रानें ब्रिटनच्या राष्ट्रीय दप्तरखान्यांतील कागदांच्या आधारें एक वृत्त प्रसिद्ध केलें. १९३० नंतरच्या पहिल्या कांहीं वर्षांत पोर्टन डाऊन या ब्रिटिश लष्करी संशोधनकेंद्राचे शास्त्रज्ञ रावळपिंडीच्या छावणींत येऊन राहिले, आणि पुढें दहा वर्षांहून अधिक काळ त्यांनीं हिंदी पलटणींतील शेंकडों शिपायांना मस्टर्ड वायूच्या कोठड्यांत उभें केलें. कित्येकांच्या अंगावर सुती सदरा आणि आंखूड विजार यापलीकडे कांहीं नव्हतें. हिंदी माणसाची कातडी या वायूनें गोऱ्या कातडीपेक्षां अधिक भाजते कीं कमी, आणि रणांगणावर माणूस निकामी करावयास त्याची किती मात्रा पुरे, हें त्यांना मोजावयाचें होतें. मोजमाप झालें. वायूनें भाजलेल्यांची संख्या मोठी झाल्याची नोंद १९४२ च्या एका अहवालांत आहे. त्यांत हिंदी होते तसे गोरेही होते, हेंही सांगितलें पाहिजे. कित्येकांना रुग्णालयांत ठेवावें लागलें. कित्येकांच्या जननेंद्रियांवर फोड आले आणि ते दिवसचे दिवस, आठवडेच्या आठवडे तळमळले. एकाचा मुखवटा निसटला, त्याचे डोळे आणि चेहरा भाजला. अशा माणसाची यातना स्वतः भोगल्यावांचून नीट कळावयाची नाहीं, या अर्थाचें वाक्य त्या शास्त्रज्ञांनीं स्वतःच लिहून ठेवलें आहे. हे शिपाई स्वखुशीनें आले कीं हुकुमानें, हें त्या कागदांवरून ठरत नाहीं. आणि नंतर त्यांचें काय झालें हें पाहावयास कोणी गेल्याची खूणही त्यांत नाहीं.

कातडीच्या रंगाचा हा प्रश्न आला कोठून? तो त्या काळच्या विद्वानांच्या हवेंतच होता. १९२५ सालीं जे. बी. एस. हाल्डेन या नामांकित जीवशास्त्रज्ञानें ‘कॅलिनिकस’ नांवाचें छोटेखानी पुस्तक लिहिलें. रासायनिक युद्ध हें तोफगोळ्यांच्या युद्धापेक्षां दयाळू असतें, असा त्याचा युक्तिवाद. आणि काळ्या वर्णाच्या लोकांत मस्टर्ड वायूस तोंड देण्याची शक्ति अधिक असते, तेव्हां असे शिपाई निवडून घ्यावे व त्यांच्यावर वायु सोसणारे गोरे अधिकारी नेमावे, अशी त्यांत सूचना. हाल्डेन दुष्ट नव्हता. १९१५ सालीं त्यानें स्वतः विषारी वायूंत उभें राहून मुखवट्यांची परीक्षा केली होती. पुढें १९५७ सालीं तो हिंदुस्थानांत कायमचा राहावयास आला, येथला नागरिक झाला आणि १९६४ सालीं भुवनेश्वरास वारला. तेव्हां हा दोष एका माणसाच्या अंतःकरणाचा म्हणतां येत नाहीं. ज्या विद्येला माणसाची जात प्रथम दिसते आणि माणूस मागाहून, त्या विद्येचा हा दोष आहे. आणि जातीवरून पंगत मांडणाऱ्या आपल्या समाजाला तो चटकन ओळखतां यावयास हरकत नसावी. अमेरिकेनेंही दुसऱ्या महायुद्धांत आपल्या निग्रो, पोर्तो रिको येथील आणि जपानी वंशाच्या शिपायांवर वर्णभेदाच्या तुलनेसाठीं हाच वायु वापरून पाहिला.

मस्टर्ड वायु हा मुळांत वायु नव्हेच. तो एक तेलकट द्रव आहे, आणि मोहरीशीं त्याचें नातें वासापुरतें. १९१७ च्या जुलै महिन्यांत जर्मनांनीं बेल्जममध्यें ईप्रजवळ तो प्रथम वापरला. त्याचा कपटीपणा असा, कीं अंगावर पडला त्या क्षणीं तो दुखत नाहीं. कांहीं तास जातात, मग डोळे पेटतात. कांखा, जांघा, जेथें जेथें घामाची ओल असते तेथें तेथें फोड उठतात. पण कातडी बरी झाली म्हणजे सुटका झाली असें नव्हे, कारण हें द्रव्य पेशींच्या गाभ्यांतील त्या सूत्रालाच चिकटतें, ज्यावर पुढच्या पेशींची आणि पुढच्या पिढीची घडण लिहिलेली असते.

हें केव्हां कळलें तें ध्यानांत घेण्यासारखें आहे. नाझींच्या छळामुळें जर्मनी सोडून एडिंबरो येथें आलेल्या शार्लोट आवरबाख या ज्यू विदुषीनें, जे. एम. रॉबसन यांच्या साहाय्यानें, १९४१ च्या सुमारास फळमाश्यांवर मस्टर्ड वायूचे प्रयोग केले. वायु लागलेल्या माश्यांच्या संततींत, क्ष-किरणांनीं व्हावेत तसे, वंशानुवंश टिकणारे बदल आढळले. रसायनानें आनुवंशिक बदल घडतो याचा तो पहिल्या भक्कम पुराव्यांपैकीं एक, आणि आवरबाख यांची कीर्ति त्यावरच उभी आहे. युद्धकाळच्या गुप्ततेमुळें तें संशोधन १९४६ सालीं कोठें उघडपणें प्रसिद्ध होऊं शकलें. म्हणजे ज्या युद्धप्रयत्नाच्या एका टोकाला, स्कॉटलंडांत, माशीच्या नातवंडांची गणती चालली होती, त्याच युद्धप्रयत्नाच्या दुसऱ्या टोकाला, रावळपिंडींत, माणसें त्याच वायूंत उभीं केलीं जात होतीं. आणि त्यांच्या मुलांची गणती करावी असें कोणाच्याही मनांत आलें नाहीं. माशीचा वंश शास्त्राला मोलाचा होता.

येथें आमचा प्रतिपक्षी पुढें येतो, आणि त्याचें म्हणणें टाकाऊ नाहीं. तो म्हणतो, माशी म्हणजे माणूस नव्हे. मस्टर्ड वायूनें माणसास कर्करोग होतो हें सिद्ध आहे; जपानच्या ओकुनोशिमा बेटावर १९२९ पासून १९४५ पर्यंत हा वायु तयार करणाऱ्या कामगारांत श्वासमार्गाच्या कर्करोगाचें प्रमाण वाढलेलें आढळलें. इराणांत १९८० ते १९८८ च्या युद्धांत वायु लागलेल्यांचीं फुप्फुसें पुढें वर्षानुवर्षें झिजत गेलीं, आणि त्यांतील कांहींच्या वीर्यांत दोष दिसले, हेंही खरें. परंतु त्यांच्या मुलांतील जन्मजात व्यंगांविषयीं तेथील निष्कर्ष एकमुखी नाहींत. फार कशाला, हिरोशिमा-नागासाकीच्या बाँबांतून वांचलेल्यांच्या संततीची इतकीं वर्षें तपासणी झाली, तींत आनुवंशिक दोषांची निश्चित वाढ दिसलेली नाहीं. मग रावळपिंडीच्या एखाद्या शिपायाच्या नातवास दमा असला किंवा पणतूचें ओठ-टाळू दुभंगलेलें असलें, तर तो वायूचाच परिणाम असें कोणत्या तोंडानें म्हणावें?

तसें आम्ही म्हणत नाहींच. आमचा प्रश्न वेगळा आहे. पुरावा कोणीं द्यावयाचा?

कोंकणच्या माणसास हा प्रश्न नवा नाहीं. खोतीचा कायदा १९४९ सालीं होऊन ती पद्धति गेली, तोंपर्यंत आमच्या कुळांनीं हेंच सोसलें. दप्तर खोताच्या माडीवर, लिहिणारा कारकून खोताचा, आणि वहिवाटीचा पुरावा मागावयाचा तो कुळाजवळ. कूळ गप्प राहिलें, तर त्याचा हक्कच नव्हता असा निकाल. रावळपिंडीचा व्यवहार याच तऱ्हेचा आहे. कोणाला किती मात्रा दिली, कोणाच्या अंगावर कोठें फोड आले, कोण किती दिवस रुग्णालयांत पडला, हें सारें ज्यांनीं लिहिलें त्यांनीं तें आपल्या कपाटांत ठेवलें. त्या माणसांस घरीं जाऊं दिलें, वीस वर्षांनीं त्यांची प्रकृति कशी आहे हें विचारलें नाहीं, त्यांच्या बायकांचे गर्भपात मोजले नाहींत, मुलें तपासलीं नाहींत. आणि आतां म्हणावयाचें, कीं संततीवर परिणाम झाल्याचा पुरावा उपलब्ध नाहीं! ज्यानें शोधच केला नाहीं त्याला न सांपडल्याचा दाखला देण्याचा अधिकार कोणीं दिला?

शिवाय वारसा रक्तांतूनच उतरतो, असा तरी नियम कोठें आहे? विद्वानांचा सगळा वाद सूत्रें आणि पेशी यांच्याभोंवतीं फिरतो, आणि घरांत काय होतें तिकडे कोणी पाहत नाहीं. सावंतवाडी-कुडाळकडचें घर कसें चालत असे, हें ज्याला ठाऊक आहे त्याला अधिक सांगावयास नको. भाताची जमीन तुटपुंजी, ती चार भावांत वांटलेली. वरचा खर्च मुंबईच्या गिरणींतून किंवा पलटणींतून येणाऱ्या मनिऑर्डरीवर. अशा घरांतला कर्ता पुरुष वयाच्या चाळिशींत खोकूं लागला, पायऱ्या चढतां धापूं लागला, किंवा त्याची दृष्टि अधू झाली, तर काय होतें? थोरला मुलगा शाळेंतून निघतो आणि मुंबईच्या बोटीवर बसतो. मुलीचें लग्न हातीं येईल त्या स्थळाशीं उरकलें जातें. कर्जाला जमीन लागते. घरांतली बाई, नवऱ्याच्या अंगावरील डागांविषयीं शेजारीपाजारीं होणारी कुजबूज ऐकते आणि महारोगाची शंका नको म्हणून त्याला चारचौघांत उघडा बसूं देत नाहीं. हा वारसा नव्हे तर काय? ज्या नातवाचें शिक्षण आजोबांच्या खोकल्यापायीं तिसऱ्या इयत्तेंत थांबलेल्या बापाच्या हमालीवर झालें, त्याला आपल्या घरांत काय आणि कोठून आलें हें कळण्याचा अधिकार नाहीं काय? त्यासाठीं एकही गुणसूत्र बिघडलेलें दाखविण्याची गरज नाहीं.

ज्या राष्ट्रांना हें मान्य करावयाचें होतें त्यांनीं केलेंही. पण कोणासाठीं, तें पाहावें. व्हिएतनामांत अमेरिकेनें १९६१ ते १९७१ या काळांत सात कोटी लिटरांहून अधिक तृणनाशकें फवारलीं. त्यांतील ‘एजंट ऑरेंज’मध्यें डायॉक्सिन हें जहाल विष होतें. त्या युद्धांतून परतलेल्या अमेरिकन शिपायांच्या ज्या मुलांस जन्मतः पाठीच्या कण्याचें व्यंग असतें, त्यांना १९९६ च्या कायद्यानें वेतन आणि औषधोपचार मिळूं लागले. व्यंगाचा आणि विषाचा संबंध शास्त्रज्ञांस तेव्हांही पूर्ण निश्चित वाटत नव्हता, आणि पुढें तर त्यांच्या समितीनें तो पुरावा अपुरा ठरविला; तरी वेतन बंद झालें नाहीं. संशयाचा फायदा मुलाला दिला गेला. हें उत्तम झालें. परंतु त्याच विषाखालीं ज्यांचीं शेतें आणि विहिरी होत्या त्या व्हिएतनामी लोकांचा दावा अमेरिकन न्यायालयानें २००५ सालीं काढून टाकला. ब्रिटनचेंही तसेंच. पोर्टन डाऊन येथील प्रयोगांत वापरलेल्या ३६० ब्रिटिश शिपायांना २००८ सालीं सरकारनें एकंदर तीस लक्ष पौंड दिले आणि पार्लमेंटांत क्षमा मागितली. कायदेशीर जबाबदारी मात्र मान्य केली नाहीं. त्याच पोर्टनच्या शास्त्रज्ञांनीं रावळपिंडींत भाजलेल्यांना त्या तीस लक्षांत वांटा नव्हता. या पंक्तिप्रपंचाला शास्त्रीय शंका असें गोंडस नांव देणें म्हणजे वाढप्यानें भात संपल्याची बतावणी करण्यासारखें आहे.

पोर्टनच्या बाजूनें दिलें जाणारें दुसरें उत्तर असें, कीं तो काळ निराळा होता, युद्धाची छाया होती, आजच्या मापानें त्या लोकांस मोजूं नये. जपाननें चीनमध्यें विषारी वायु वापरले हें खरें, आणि आपल्या शिपायांस त्यांपासून वांचविण्याचा उपाय शोधणें कोणत्याही सरकारचें कर्तव्य होतें, हेंही आम्ही नाकारीत नाहीं. पण त्या काळाचें माप तरी काय होतें? विषारी वायूंच्या वापरास बंदी घालणारा जिनीव्हाचा करार १९२५ चा. रोग्याच्या स्पष्ट संमतीवांचून त्याच्यावर नवा प्रयोग करूं नये, असे नियम जर्मनीच्या गृहखात्यानें १९३१ सालीं काढले होते. ते जर्मनीनें पुढें पायदळीं तुडविले ही गोष्ट निराळी; माणसाला विचारल्यावांचून त्याच्यावर प्रयोग करूं नये ही कल्पना त्या काळाला परकी नव्हती, एवढें त्यावरून सिद्ध होतें. आणि त्या काळाच्या नीतीचा आडोसा त्या काळापुरता. १९४७ नंतर, १९६० नंतर, १९९० नंतर त्या शिपायांना पत्र पाठवावयास कोणत्या युद्धाची अडचण होती? उमेदींत भाजलेला शिपाई १९७० सालीं बहुधा हयातच होता. त्याचा पत्ता सैनिकी खात्याजवळ होता, कारण त्याला निवृत्तिवेतन कोठें पाठवावयाचें हें त्या खात्याला बरोबर ठाऊक असे.

हे सारे वाग्बाण साहेबावर सोडून मोकळें होणें सोपें आहे. आम्हांस आपल्या घरचेंही बोलावयाचें आहे. दुसऱ्या महायुद्धांत हिंदी सैन्य पंचवीस लाखांवर गेलें. त्यांत आपल्या मराठा पलटणी होत्या, १९४१ सालीं बेळगांवांत उभी राहिलेली महार रेजिमेंट होती. इटलींत व्हिक्टोरिया क्रॉस मिळविलेल्या यशवंत घाडगे आणि नामदेव जाधव यांचीं नांवें आपण अभिमानानें घेतों, आणि घ्यावींतच. पण शौर्याला जें पदक लागतें तें कोठडींत निमूटपणें उभ्या राहिलेल्या शिपायाला कोण देणार? त्याला लढावयासही दिलें नाहीं. २००७ सालीं हें वृत्त आलें तेव्हां ‘शेंकडों’ हा शब्द आपल्यापर्यंत पोंचला. माणसांचीं नांवें पोंचलीं नाहींत, त्यांचे गांव पोंचले नाहींत. आपल्या सुशिक्षित घरांत त्यावर एखादा दिवस हळहळ झाली असेल. त्यांत कुडाळचा कोणी होता काय, महाडचा, साताऱ्याचा होता काय, असें विचारावें असें किती जणांस वाटलें? निवृत्त सुभेदाराच्या मुलानें वकील व्हावें, नातवानें परदेशीं जावें, आणि पलटणींतल्या आजोबांची आठवण भिंतीवरच्या तसबिरीपुरती राहावी, हें आपल्या मध्यमवर्गाचें सुधारणेचें चित्र आहे. तसबिरींत फोड दिसत नाहींत.

आणि परक्या सरकारनें मानलें नाहीं तें तत्त्व आपण मानलेलें आहे, हें विसरतां कामा नये. भोपाळच्या वायुकांडांत आपल्या सर्वोच्च न्यायालयानें १९९१ सालीं असें ठरविलें, कीं ज्यांच्यांत अद्याप लक्षणें दिसत नाहींत त्यांचाच नव्हे, तर वायु लागलेल्यांना पुढें होणाऱ्या मुलांचाही वैद्यकीय विमा सरकारनें उतरवावा. सुमारें एक लक्ष माणसें त्या छत्राखालीं यावींत. त्या वेळीं न जन्मलेल्या मुलाकडे पुरावा मागितला गेला नाहीं. भारतानें स्वतःजवळचा १,०४४ टन मस्टर्ड वायूचा सांठा रासायनिक शस्त्रबंदीच्या करारान्वयें १९९७ सालीं उघड केला आणि २००९ पर्यंत नष्ट करून टाकला, हेंही येथें नमूद केलें पाहिजे. हीं दोन कृत्यें ज्या देशाच्या नांवावर आहेत, त्याला लंडनपुढें हात जोडून उभें राहण्याचें कारण नाहीं. त्यानें अधिकारानें मागावें.

मागावयाचें तरी काय? पैशाची गोष्ट आम्ही मागाहून बोलूं. प्रथम नांवें. रावळपिंडीच्या प्रयोगांचे जे कागद ब्रिटिश दप्तरखान्यांत आहेत, त्यांची सबंध नक्कल भारत सरकारनें मागून घ्यावी. पाकिस्ताननेंही घ्यावी, कारण त्या कोठडींत झेलमचा मुसलमान आणि दक्षिणेचा मराठा असा भेद कोणी केला नसावा, भेद होता तो एकाच रंगाचा. जेथें शिपायाचा क्रमांक आणि पलटण यांची नोंद असेल तेथें ती आपल्या सैनिकी दप्तराशीं ताडून पाहावी, आणि ज्या जिल्ह्यांतला तो शिपाई, तेथील सैनिक कल्याण कार्यालयानें त्याच्या वारसांस कळवावें. ज्यांना कळविलें त्यांच्यापैकीं ज्यांची इच्छा असेल त्यांची एकदां नीट वैद्यकीय तपासणी व्हावी. त्या तपासणींत वंशपरंपरागत दोष निघाला नाहीं तर आनंदच आहे. निदान त्या घरांतली सून आपल्या मुलाच्या व्यंगाचें खापर स्वतःच्या ग्रहणांतल्या चुकीवर फोडीत बसणार नाहीं.

तोंपर्यंत एक काम घरच्या घरीं होण्यासारखें आहे. पलटणींतून सुटलेल्या शिपायास बरोबर एक पुस्तिका मिळत असे. तींत त्याची भरती, बदल्या, जखमा आणि सुटण्याच्या वेळची शरीरस्थिति लिहिलेली असे. अशा पुस्तिका आमच्या बाजूच्या घरांत अजूनही पत्र्याच्या ट्रंकांत, जमिनीच्या कागदांखालीं पडलेल्या असतील. दमट हवेनें आणि वाळवीनें त्या लवकरच जातील. त्या काढून पाहाव्या. १९३० ते १९४५ च्या दरम्यान रावळपिंडी हें नांव तींत असलें, तर एवढ्यावरून कांहींच सिद्ध होत नाहीं, कारण ती मोठी छावणी होती आणि हजारों शिपाई तेथून आले-गेले. पण त्याच काळांत भाजल्याची, डोळ्यांची किंवा रुग्णालयांत राहिल्याची नोंद असली, तर तें पान उतरून घ्यावें, आणि घरांत अजून कोणी म्हातारी आत्या किंवा चुलती हयात असेल, तर तिला आजोबांच्या अंगावरच्या डागांविषयीं विचारून तिचें म्हणणें तिच्याच शब्दांत त्याखालीं लिहून ठेवावें.